फ्रेंच सागरी समन्वेषण

सोळाव्या शतकाच्या पूर्वार्धापासून एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत फ्रेंच नाविकांनी अटलांटिक, हिंदी व पॅसिफिक महासागरांत आणि दक्षिण ध्रुवीय समुद्रात शोधासाठी केलेल्या सफरी. पोर्तुगीज व स्पॅनिश यांच्या मानाने फ्रेंच या क्षेत्रात उशिरा उतरले आणि नव्या भूमीच्या प्राप्तीत ते इंग्रजांच्याही मागे राहिले. तथापि अठराव्या शतकात राजसत्ता, नौसेना व विज्ञानसंस्था यांच्या सहकार्याने त्यांनी शास्त्रीय सफरींची जी परंपरा निर्माण केली, तिला समन्वेषणाच्या इतिहासात स्वतंत्र स्थान आहे. या सफरींपैकी अनेकींचा शेवट नौकाभंग, रोगराई अथवा सेनानीचा मृत्यू यांत झाला. त्यांचे फलित गलबते सुखरूप परतण्यापेक्षा त्यांवरील नोंदी, नकाशे व निरीक्षणे मायदेशी पोहोचण्यावर अधिक अवलंबून राहिले.

प्रारंभीच्या सफरी : नॉर्मंडी व ब्रिटनी येथील बंदरांतील मच्छीमार व व्यापारी यांनी फ्रेंच दर्यावर्दी परंपरेचा पाया घातला. फ्रान्सचा राजा पहिला फ्रान्सिस याच्या सेवेत असलेला इटालियन नाविक व्हेरात्सानो याने १५२४ मध्ये उत्तर अमेरिकेच्या पूर्व किनाऱ्याची पाहणी केली. १५२९ मध्ये द्येप बंदरातून निघालेले झां व राऊल पार्मांत्ये हे बंधू आफ्रिकेला वळसा घालून सुमात्रापर्यंत गेले. परंतु दोघांचाही तेथेच मृत्यू झाला. सँ-मालोचा नाविक झाक कार्त्ये याने १५३४ ते १५४२ या काळात तीन सफरी करून सेंट लॉरेन्स नदीचा मार्ग यूरोपीयांना परिचित करून दिला.

कार्त्येच्या दुसऱ्या सफरीत (१५३५–३६) हल्लीच्या क्वेबेकजवळ हिवाळा काढताना त्याच्या ११० माणसांना स्कर्व्ही रोगाने ग्रासले आणि त्यांतील २५ दगावली. तेव्हा तेथील आदिवासींनी एका सदाहरित वृक्षाची साल व पाने उकळून काढा करण्याची रीत दाखविली आणि उरलेले लोक बरे झाले. त्या वृक्षाची ओळख मात्र पुढे टिकली नाही. १६०४–०५ च्या हिवाळ्यात शांप्लँ ज्या फ्रेंच तुकडीत होता, तिच्यातील जवळजवळ निम्मी माणसे त्याच रोगाने मेली. हाती आलेले ज्ञान निश्चित स्वरूपात नोंदले न गेल्यास ते कसे नाहीसे होते, याचे हे जुने उदाहरण होय.

संस्थात्मक पाया : चौदाव्या लूईचा मंत्री कॉलबेर याच्या काळात नौकानयनास राज्याचा आश्रय मिळाला. फ्रेंच ईस्ट इंडिया कंपनी (१६६४), विज्ञान अकादमी (१६६६) व पॅरिसची वेधशाळा (१६६७) यांची स्थापना थोड्याच अवधीत झाली. कंपनीने १६६८ मध्ये सुरतेस वखार घातली आणि १६७४ पासून पाँडिचेरी येथे आपले ठाणे वसविले. १७२० मध्ये नौसेनेच्या नकाशांचे व आराखड्यांचे भांडार पॅरिसमध्ये स्थापन झाले. परतलेल्या प्रत्येक गलबताची टिपणे तेथे जमा करून त्यांवरून जुने नकाशे सुधारावेत, असा त्यामागील हेतू होता. १७५२ मध्ये ब्रेस्त येथे नौकानयन अकादमी निघाली.

हिंदी महासागरासाठी असेच कार्य कंपनीचा नाविक दाप्रे द मानव्हिलेत (१७०७–८०) याने केले. त्याचा *नेप्ट्यून ओरिएंताल* हा नकाशासंग्रह १७४५ मध्ये प्रसिद्ध झाला व त्याची सुधारून वाढविलेली आवृत्ती १७७५ मध्ये निघाली. तीत आफ्रिकेपासून चीनपर्यंतच्या समुद्रांचे नकाशे असून गुजरात, कोकण व कानडा या किनाऱ्यांचाही समावेश होता. फ्रेंचांप्रमाणे इतर यूरोपीय नाविकांनीही त्याचा उपयोग केला.

रेखांशाचा प्रश्न : सूर्याची माध्यान्हीची किंवा ध्रुवताऱ्याची उंची मोजून गलबताचा अक्षांश काढता येत असे; परंतु रेखांश ठरविणे अठराव्या शतकाच्या उत्तरार्धापर्यंत अत्यंत कठीण होते. पृथ्वी एका तासात १५ अंश फिरते. त्यामुळे गलबतावरील स्थानिक वेळ आणि पॅरिससारख्या एखाद्या ज्ञात ठिकाणची त्याच क्षणीची वेळ यांतील फरकावरून रेखांश मिळतो. या फरकात ४ मिनिटांची चूक झाली, तर विषुववृत्तावर सुमारे १११ किमी. ची चूक होते. डुलत्या गलबतावर लंबकाचे घड्याळ चालत नसल्याने नाविक गाठी मारलेली दोरी समुद्रात सोडून वेग मोजीत आणि वेग, दिशा व काळ यांवरून स्थानाचा अंदाज बांधीत. सागरी प्रवाह व वारा यांमुळे हा अंदाज वरचेवर फसे.

या अडचणीचा परिणाम बूव्हे द लोझ्ये याच्या सफरीत दिसून येतो. १ जानेवारी १७३९ रोजी दक्षिण अटलांटिकमध्ये धुक्यात त्याला हिमाच्छादित भूशिर दिसले. ते एका विशाल दक्षिण खंडाचे टोक असावे, असे त्याने मानले. प्रत्यक्षात ते एक लहान बेट होते आणि त्याने नोंदविलेले स्थानही चुकीचे होते. पुढे कुकसारख्या कुशल नाविकालाही ते आढळले नाही. ते १८०८ मध्ये पुन्हा दृष्टीस पडले आणि त्याचे स्थान १८९८ मध्ये एका जर्मन मोहिमेने निश्चित केले.

ग्योम ल जांती या ज्योतिर्विदाचा अनुभवही बोलका आहे. ६ जून १७६१ रोजी होणारे शुक्राचे अधिक्रमण पाँडिचेरीहून पाहण्यासाठी विज्ञान अकादमीने त्याला पाठविले. मार्च १७६० मध्ये तो फ्रान्सहून निघाला. मलबार किनाऱ्यावर माहे येथे पोहोचताच पाँडिचेरी इंग्रजांनी घेतल्याचे त्यास कळले आणि गलबत मागे फिरले. अधिक्रमण त्याला भर समुद्रात गलबतावरून दिसले. परंतु गलबताचा रेखांश निश्चित नसल्याने ते निरीक्षण निरुपयोगी ठरले. पुढील अधिक्रमणासाठी तो पूर्वेकडेच राहिला. १७६८ मध्ये पाँडिचेरीस येऊन त्याने वेधशाळा उभारली, तेथील तमिळ ज्योतिषगणिताचा अभ्यास केला. मात्र जून १७६९ मधील त्या दिवशी सकाळी आकाश ढगांनी झाकले होते. अकरा वर्षांनंतर तो मायदेशी परतला, तेव्हा वारसांनी त्यास मृत मानले होते व अकादमीतील त्याची जागा दुसऱ्यास देण्यात आली होती. तथापि हिंदी महासागरातील वारे, प्रवाह व बंदरे यांविषयीची त्याची टिपणे १७७९–८१ मध्ये दोन खंडांत प्रसिद्ध झाली आणि ती अभ्यासकांना उपयुक्त ठरली.

इंग्लंडमध्ये हॅरिसनने सागरी कालमापक सिद्ध केला, त्याच सुमारास फ्रान्समध्ये प्येर ल र्वा व फेर्दिनां बेर्थू यांनी स्वतंत्रपणे कालमापके बनविली. बेर्थूच्या कालमापकांची चाचणी फ्लरियू या नौसेनाधिकाऱ्याने १७६८–६९ मध्ये *ईझिस* या नौकेवर घेतली. चंद्र व तारे यांतील कोनीय अंतरावरून वेळ काढण्याची पद्धतही याच काळात प्रचारात आली. बॉर्दा या गणितज्ञ नौसेनाधिकाऱ्याने तयार केलेल्या परावर्तन वर्तुळामुळे असे कोन अधिक सूक्ष्मपणे मोजणे शक्य झाले.

बूगँव्हील (१७२९–१८११) : ल्वी आंत्वान द बूगँव्हील याने १७६६–६९ मध्ये *बूदझ* व *एत्वाल* या नौकांतून पृथ्वीप्रदक्षिणा केली. राज्याच्या वतीने जगप्रदक्षिणा पूर्ण करणारा तो पहिला फ्रेंच सेनानी होय. त्याच्यासोबत कॉमेर्साँ हा निसर्गवैज्ञानिक व वेराँ हा ज्योतिर्विद होता. एप्रिल १७६८ मध्ये नौका ताहिती बेटावर सुमारे नऊ दिवस थांबल्या. तेथून पश्चिमेकडे जाताना ऑस्ट्रेलियाच्या पूर्वेस प्रवाळभिंतींचा फेस दिसताच बूगँव्हीलने मार्ग बदलला. न्यू गिनीच्या परिसरात अन्न इतके संपले, की खलाशांवर उंदीर खाण्याची पाळी आली. वेराँने केलेल्या वेधांमुळे पॅसिफिकच्या रुंदीविषयीची मोठी अनिश्चितता दूर झाली.

कॉमेर्साँचा साहाय्यक म्हणून पुरुषवेषात आलेली झान बारे ही पृथ्वीप्रदक्षिणा करणारी पहिली ज्ञात स्त्री होय. वनस्पतिसंग्रहाचे कष्टाचे काम तिने मोठ्या प्रमाणावर केले. ताहितीचा आहुतोरू हा रहिवासी स्वेच्छेने बूगँव्हीलबरोबर पॅरिसला गेला. ताऱ्यांवरून दिशा ठरविण्याचे त्याचे ज्ञान फ्रेंच नाविकांच्या प्रत्ययास आले होते. मायदेशी परतत असताना १७७१ मध्ये देवीच्या रोगाने त्याचा मृत्यू झाला. बूगँव्हीलचा प्रवासवृत्तांत त्याच वर्षी प्रसिद्ध होऊन यूरोपभर वाचला गेला. ताहितीसंबंधीच्या त्याच्या वर्णनाने नैसर्गिक अवस्थेतील मानवाविषयीच्या तत्कालीन वादाला चालना दिली.

केर्गेलेन व मार्याँ द्युफ्रेन : केर्गेलेनने १७७२ मध्ये दक्षिण हिंदी महासागरात एक बेट शोधले आणि ती सुपीक दक्षिण भूमी असल्याचे राजास कळविले. दुसऱ्या सफरीत (१७७३–७४) ती थंड, वाऱ्याने झोडपलेली व निर्जन असल्याचे उघड झाले. त्याच्यावर लष्करी न्यायालयात खटला चालून त्यास कैद झाली. १७७२ मध्येच मार्याँ द्युफ्रेन याला न्यूझीलंडच्या बे ऑफ आयलंड्स येथे माओरींनी सु. पंचवीस साथीदारांसह ठार केले आणि फ्रेंचांनी सुडादाखल सु. २५० माओरींची हत्या केली. या दोन्ही प्रसंगांची दखल पुढील मोहिमेची आज्ञापत्रे तयार करताना घेण्यात आली.

ला पेरूझ (१७४१–८८?) : कुकच्या सफरींनंतर उरलेल्या प्रश्नांची उकल करण्यासाठी सोळाव्या लूईने १७८५ मध्ये झां फ्रांस्वा द ला पेरूझ याच्या नेतृत्वाखाली मोठी मोहीम योजिली. तिचा तपशील फ्लरियूने आखला. ला पेरूझला हिंदी महासागराचा दीर्घ अनुभव असून ईल द फ्रान्स (मॉरिशस) येथून तो भारताच्या किनाऱ्यापर्यंत वावरला होता. १ ऑगस्ट १७८५ रोजी *बूसोल* व *आस्त्रोलाब* या नौका सु. २२० माणसांसह ब्रेस्तहून निघाल्या. दुसऱ्या नौकेचा कप्तान फ्लरियो द लांग्ल हा होता. त्यांवर बेर्थूची कालमापके व बॉर्दाची वर्तुळे होती. लंडनच्या रॉयल सोसायटीने कुकने वापरलेल्या चुंबकीय नतिसूचीही या मोहिमेस उसन्या दिल्या. स्थानिक लोकांवर अगदी निरुपाय झाल्याखेरीज बळाचा वापर करू नये, असे राजाचे स्पष्ट निर्देश होते.

केप हॉर्नला वळसा घालून नौका चिली, ईस्टर बेट व हवाई बेटांमार्गे अलास्काला पोहोचल्या. मौई बेटावर उतरूनही ला पेरूझने राजाच्या नावे ताबा घेण्याचे टाळले. तेथील रहिवाशांच्या हक्काकडे दुर्लक्ष करून भूमी आपली म्हणणे त्यास हास्यास्पद वाटले. जुलै १७८६ मध्ये अलास्कातील लितूया उपसागराच्या तोंडाशी खोली मोजताना भरती-ओहोटीच्या वेगवान प्रवाहात होड्या बुडून २१ जण मरण पावले. त्यानंतर मोंतेरे, मकाव व मानिला येथे थांबून नौका जपान समुद्रात शिरल्या. यूरोपीयांना हा भाग जवळजवळ अज्ञात होता. सॅकालीनच्या किनाऱ्यावर एका वृद्ध रहिवाशाने जमिनीवर रेषा काढून आपली भूमी हे बेट असल्याचे दाखविले आणि मग ती आकृती कागदावर उतरविण्यात आली. उथळ पाण्यामुळे नौकांना उत्तरेकडून बाहेर पडता आले नाही. ऑगस्ट १७८७ मध्ये त्या सॅकालीन व होक्काइडो यांमधील सामुद्रधुनीतून बाहेर पडल्या. ही सामुद्रधुनी ला पेरूझच्याच नावाने ओळखली जाते.

कॅमचॅटकातील पेट्रोपाव्हलॉव्हस्क येथे ला पेरूझने एक महत्त्वाचा निर्णय घेतला. रशियन भाषा जाणणारा बार्तेलेमी द लेसेप्स हा २१ वर्षांचा दुभाषा त्याने मोहिमेच्या दैनंदिन्या व नकाशे देऊन खुष्कीच्या मार्गाने फ्रान्सला रवाना केला. ऑक्टोबर १७८७ मध्ये निघालेला लेसेप्स कुत्र्यांच्या घसरगाड्या, घोडे व नावा यांतून सायबीरिया ओलांडून ऑक्टोबर १७८८ मध्ये व्हर्सायला पोहोचला. दरम्यान डिसेंबर १७८७ मध्ये सामोआतील तुतुइला बेटावर पाणी भरण्यास गेलेल्या तुकडीवर हल्ला होऊन द लांग्लसह १२ जण मारले गेले. रहिवाशांचीही प्राणहानी झाली. जानेवारी १७८८ मध्ये नौका ऑस्ट्रेलियातील बॉटनी बे येथे आल्या, तेव्हा इंग्रजांचा पहिला वसाहती ताफा तेथे नुकताच दाखल झाला होता. ला पेरूझने आपली पुढील टिपणे व पत्रे इंग्रज गलबतांबरोबर यूरोपला धाडली. जून १७८९ पर्यंत फ्रान्सला परतण्याची त्याची अपेक्षा होती. १० मार्च १७८८ रोजी नौकांनी बॉटनी बे सोडले आणि त्यानंतर त्या कोणाही यूरोपीयास दिसल्या नाहीत.

मोहीम नाहीशी झाली, तरी या दोन मार्गांनी आलेल्या कागदपत्रांवरून तिचा वृत्तांत व नकाशासंग्रह १७९७ मध्ये प्रसिद्ध होऊ शकला. बॉटनी बेनंतरच्या प्रवासाची एकही लेखी नोंद उपलब्ध नाही.

दांत्रकास्तोची शोधमोहीम : फ्रेंच राज्यक्रांतीच्या धामधुमीतही राष्ट्रीय सभेने १७९१ मध्ये ला पेरूझच्या शोधासाठी मोहीम पाठविण्याचे ठरविले. तिचा प्रमुख ब्रूनी दांत्रकास्तो हा पूर्वी ईल द फ्रान्सचा गव्हर्नर होता. *रशेर्श* व *एस्पेरांस* या नौकांनी टास्मानियाच्या आग्नेय किनाऱ्याची बारकाईने पाहणी केली. बोतां-बोप्रे या तरुण जलालेखकाने होकायंत्रावर विसंबून न राहता परावर्तन वर्तुळाने नौकेवरूनच कोन मोजून किनाऱ्याचे नकाशे काढले. त्याची ही पद्धत आधुनिक जलालेखनाचा पाया मानली जाते. १८१६ पासून फ्रान्सच्या स्वतःच्या किनाऱ्याची पाहणी त्याने याच पद्धतीने केली.

मे १७९३ मध्ये सांताक्रूझ बेटांजवळून जाताना एक बेट दूरवर दिसले. त्यास आपल्या नौकेचे नाव देऊन दांत्रकास्तो पुढे निघून गेला. ते व्हानिकोरो बेट होते. ज्यांच्या शोधासाठी मोहीम निघाली होती, त्या नौका तेथेच फुटल्या होत्या. दांत्रकास्तो जुलै १७९३ मध्ये आजाराने मरण पावला. जावामध्ये क्रांतीच्या बातम्या येताच राजनिष्ठ व गणतंत्रवादी यांच्यात फूट पडून मोहीम मोडली. तिचे कागद घेऊन निघालेला रोसेल इंग्रजांच्या हाती सापडला. इंग्रज नौसेनेने त्या नकाशांचा लाभ घेतला आणि १८०२ च्या तहानंतर ते फ्रान्सला परत मिळाले. लाबियार्दियेर याचा जप्त झालेला वनस्पतिसंग्रह इंग्रज शास्त्रज्ञ जोसेफ बँक्स याच्या रदबदलीमुळे त्यास परत करण्यात आला.

बोदँ व फ्रेसीने : नीकॉला बोदँ याने ऑक्टोबर १८०० मध्ये *झेओग्राफ* व *नात्युरालिस्त* या नौकांसह ऑस्ट्रेलियाच्या पाहणीस प्रारंभ केला. एप्रिल १८०२ मध्ये दक्षिण किनाऱ्यावर त्याची गाठ इंग्रज समन्वेषक फ्लिंडर्सशी पडली. दोन देशांत वैर असूनही त्यांची भेट सौजन्याने पार पडली. बोदँ १८०३ मध्ये ईल द फ्रान्स येथे वारला. त्याच वर्षअखेरीस तेथे आलेल्या फ्लिंडर्सला फ्रेंच गव्हर्नरने अडकवून ठेवले व त्याची सुटका १८१० मध्ये झाली. त्यामुळे ऑस्ट्रेलियाचा संपूर्ण किनारा दाखविणारा फ्रेंच नकाशा १८११ मध्ये आधी निघाला आणि फ्लिंडर्सचा १८१४ मध्ये. फ्लिंडर्सने आधी पाहिलेल्या किनाऱ्यालाही फ्रेंच नकाशात नेपोलियनच्या परिवारातील नावे दिलेली होती. मोहिमेचा अधिकृत वृत्तांत बोदँशी वैर असलेल्या पेराँने लिहिला व त्यात सेनानीचे नाव जवळजवळ गाळले. बोदँची दैनंदिनी इंग्रजी भाषांतरात १९७४ मध्ये प्रसिद्ध झाल्यानंतर त्याच्या कर्तृत्वाचे फेरमूल्यमापन सुरू झाले.

बोदँच्या मोहिमेतील ल्वी द फ्रेसीने याने १८१७–२० मध्ये *युरानी* नौकेतून गुरुत्वाकर्षण व चुंबकत्व यांच्या अभ्यासासाठी पृथ्वीप्रदक्षिणा केली. फेब्रुवारी १८२० मध्ये फॉकलंड बेटांवर नौका खडकावर आदळली. तथापि बहुतेक नोंदी व नमुन्यांचा मोठा भाग वाचविण्यात आला. त्याची पत्नी रोज ही नियम मोडून पुरुषवेषात नौकेवर आली होती. तिने पत्ररूपाने लिहिलेली दैनंदिनी १९२७ मध्ये प्रसिद्ध झाली.

व्हानिकोरोचा शोध : १८२६ मध्ये आयरिश व्यापारी पीटर डिलन यास तिकोपिया बेटावर फ्रेंच बनावटीची तलवारीची मूठ आढळली. तिच्या अनुरोधाने १८२७ मध्ये तो व्हानिकोरोस गेला. तेथील लोकांत दोन मोठी गलबते वादळात खडकावर फुटल्याची, वाचलेल्यांनी एक लहान नौका बांधून काही महिन्यांनी प्रयाण केल्याची आणि दोघे मागे राहिल्याची स्मृती जिवंत होती. द्यूमाँ द्युर्व्हील या फ्रेंच समन्वेषकाने १८२८ मध्ये तेथे जाऊन अवशेष गोळा केले व स्मारक उभारले. डिलनने पॅरिसला आणलेल्या वस्तूंची ओळख मोहिमेतून पूर्वीच परतलेल्या लेसेप्सने पटविली. सागरतळावरील अवशेषांच्या संशोधनास विसाव्या शतकात वेग आला. दुसऱ्या नौकेचे स्थळ १९६४ मध्ये सापडले आणि ती *बूसोल* असल्याचे २००५ मध्ये निश्चित झाले. मेर्स्ये या कारागिराचे नाव असलेला, तळातून वर काढलेला सेक्स्टंट (कोनमापक) नौकेच्या मूळ साहित्ययादीशी जुळला, हा त्याचा एक प्रमुख आधार होय.

द्युर्व्हीलने पॅसिफिकमधील बेटांचे पॉलिनीशिया, मायक्रोनीशिया व मेलानीशिया असे गट रूढ केले. १८३७–४० च्या सफरीत, जानेवारी १८४० मध्ये, तो अंटार्क्टिकाच्या किनाऱ्यास पोहोचला व त्या भागास त्याने आपल्या पत्नीच्या नावावरून आदेली लँड हे नाव दिले. त्याच्या सफरींनंतर फ्रेंच सागरी धोरणाचे स्वरूप पालटले. ताहितीवर फ्रेंच संरक्षणसत्ता (१८४२) व न्यू कॅलिडोनियाचा ताबा (१८५३) या घटनांनी समन्वेषणाची जागा वसाहतवादाने घेतल्याचे स्पष्ट झाले. आधीच्या शास्त्रीय नकाशांचाच त्या कामी उपयोग झाला.

मूल्यमापन : फ्रेंच सफरींनी किनाऱ्यांचे अचूक नकाशे, जलालेखनाची सुधारित पद्धत, वनस्पती व प्राणी यांचे समृद्ध संग्रह आणि पॅसिफिकमधील समाजांची तपशीलवार वर्णने जगाला दिली. त्यांच्या यशापयशाचा निकष बव्हंशी नोंदीच्या निश्चितीत सापडतो. बूव्हेची भूमी चुकीच्या रेखांशामुळे दीर्घकाळ हरवली, केर्गेलेनची अतिशयोक्ती त्याच्या कारकीर्दीस भोवली आणि ला पेरूझ मात्र आपले कागद वेळीच पुढे पाठविल्यामुळे मृत्यूनंतरही थोर समन्वेषक ठरला. त्याचबरोबर या ज्ञानाचा बराच भाग स्थानिक लोकांकडून आला होता. सेंट लॉरेन्सकाठचा औषधी काढा, सॅकालीनच्या वृद्धाने काढलेला नकाशा व आहुतोरूची ताऱ्यांची माहिती ही त्याची उदाहरणे होत. ला पेरूझच्या अखेरीविषयी जेव्हा एकही लेखी कागद उरला नव्हता, तेव्हा सुमारे चाळीस वर्षे ती हकीकत व्हानिकोरोच्या रहिवाशांच्या स्मरणात सुरक्षित राहिली होती.